खान्देशात राहून प्रयोगशील फिल्मसाठी परफॉर्मन्स: सुरुवात कशी करावी

पारोळा, शिरपूर, रावेर, कुठूनही कोणी भेटलं की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "ताई, यासाठी पुण्या-मुंबईला जावं लागेल का?" सुरुवातीला अजिबात नाही. पहिली तीन-चार वर्षं तुम्हाला लागतो तुमचा देह, एक साधा मोबाइल, एक भरवशाचा जोडीदार आणि तुम्ही जिथे राहता तिथल्या लोकांचा विश्वास. यातली शेवटची गोष्ट मिळवायलाच सगळ्यात जास्त वेळ जातो, म्हणून या लेखात मी तिच्यावर जास्त लिहिणार आहे.

या सिनेमाला अंडरग्राउंड म्हणतात, कारण तो मोठ्या निर्मात्याशिवाय, थिएटरच्या व्यवहाराबाहेर, बहुतेक वेळा पदरच्या पैशाने बनतो. पण अंडरग्राउंड म्हणजे लपूनछपून, असा अर्थ घेऊन कामाला लागाल तर आपल्याकडे फसाल. सकाळी तुम्ही पांझरेच्या काठावर तोंडाला माती फासून उभं राहिलात, की दुपारच्या चहाला टपरीवर विषय निघतो आणि दिवेलागणीला घरी फोन येतो. इथे सगळे सगळ्यांना ओळखतात. तेव्हा आधी सांगायचं आणि मग करायचं, ही सवय लावून घ्या.

आधी काम समजून घ्या

नट एखादं पात्र उभं करतो. परफॉर्मन्स आर्टिस्ट एखादी कृती खरोखर करतो आणि त्या कृतीचा देहावर जो परिणाम होतो तो कॅमेरा टिपतो. रडण्याचा अभिनय करायचा नसतो. एक तास कांदे चिरायचे, डोळ्यांतून पाणी येतं की नाही ते बघायचं, आणि नाही आलं तर तेही फिल्ममध्ये राहू द्यायचं. माझ्या मते नाटकातून येणाऱ्यांना हेच सगळ्यात जड जातं. राज्य नाट्य स्पर्धेत किंवा विद्यापीठाच्या 'युवारंग'मध्ये बक्षिसं मिळवलेली गुणी मुलं कॅमेऱ्यासमोर येतात आणि लगेच काहीतरी 'दाखवायला' लागतात. ते विसरायला सहा महिने लागतात. लागू द्या.

या वाटेवर आधी कोण कोण चालून गेलं ते पाहून ठेवा. माया डेरेन या अमेरिकेतल्या बाईने १९४३ मध्ये नवऱ्याबरोबर, राहत्या घरात, १६ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यावर छोटी फिल्म केली आणि त्यात स्वतःच काम केलं. किल्ली, सुरी, जिना, खिडकी एवढंच सामान. आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी १९७२ मध्ये आबिद सुरती या चित्रकारालाच कॅमेऱ्यासमोर आणलं आणि त्यांच्या हालचाली एकेक फ्रेम थांबवत टिपल्या. सरकारी खात्यात बसून हे झालं, याचं मला अजून नवल वाटतं.

आणि चाळीसगावचे केकी मूस. त्यांनी दशकानुदशकं घराबाहेर फारसं पाऊल न टाकता टेबलावर साध्यासुध्या वस्तू मांडून, उजेड हवा तसा वळवून अख्खे देखावे रचले आणि त्यांचे फोटो काढले. स्टेशनजवळचं त्यांचं घर आता कलादालन आहे. एक दिवस काढून जा. खोली किती लहान आहे आणि त्या माणसाने तीत काय काय केलं, हे प्रत्यक्ष पाहिलं की साधनं नसल्याची तक्रार आपोआप बंद होते.

पहिली पायरी: तुमच्या हाताला येणारी एक कृती निवडा

नवीन मुलं परदेशातले व्हिडिओ पाहून येतात आणि पांढऱ्या खोलीत अंगावर रंग ओतून घेतात. पांढरी खोली आपल्याकडे नसते, म्हणून मागे चादर लावतात. मग फिल्ममध्ये ती चादरच दिसत राहते. त्यापेक्षा तुमच्या घरात, शेतात, गल्लीत देह रोज काय करतो ते बघा. कापूस वेचणाऱ्या बाईची बोटं बोंडातून एका झटक्यात कापूस काढतात आणि तरी बोंडाची टोकं बोटांना टोचतातच. केळीचा घड खांद्यावर घेऊन बांधावरून चालणारा मजूर मान एका बाजूला ठेवून चालतो. ही हजारदा केलेल्या कामाने देहात मुरलेली चाल आहे. कुठल्याही कार्यशाळेत ती शिकवत नाहीत.

माझी पहिली फिल्म मांडे करण्याची होती. खापरावरचे पुरणाचे मांडे ज्यांच्या घरात होतात त्यांना सांगायला नको, पण बाकीच्यांसाठी सांगते. पुरण भरलेला गोळा आधी थोडा लाटायचा, मग दोन्ही हातांवर घ्यायचा आणि एका हातावरून दुसऱ्या हातावर टाकत मोठा करत न्यायचा. मांडा वाढत जातो तसा तो तळहातावरून मनगटावर, मनगटावरून कोपरापर्यंत येतो. शेवटी इतका पातळ होतो की पलीकडचा जाळ दिसतो. मग चुलीवर पालथ्या ठेवलेल्या खापरावर तो एका दमात पसरायचा. माझ्या आजीच्या उजव्या कोपराखाली भाजल्याचे तीन डाग होते. मांडा पसरताना तिचा श्वास थांबायचा आणि मांडा खापराला टेकला की सुटायचा. मला तो श्वास हवा होता.

ठरवलं असं, की मांडा फाटेपर्यंत वाढवत न्यायचा. हातांना जे जमत नाही ते कुठे सुरू होतं, ते दिसावं म्हणून. मळ्यातली चूल, जोडीदाराने मोबाइल लावला, बघायला शेजारच्या चार बायका बसल्या. पहिला मांडा फाटला तेव्हा त्या हसल्या. दुसरा फाटला तेव्हा कोणी हसलं नाही. तिसऱ्याला आमच्या गल्लीतली मोठी माय उठली, अहिराणीत म्हणाली, "अन्न शे ते", म्हणजे अन्न आहे ते, आणि निघून गेली. तिच्यामागे बाकीच्याही गेल्या.

ते चित्रीकरण मी कधीच वापरलं नाही. कोणी बंदी घातली नव्हती. पण चुलीपाशी बसलेल्या बायकांना जे खटकलं ते मला आधी कळायला हवं होतं. महिनाभराने पुन्हा केलं, या वेळी आधी चौघींच्या घरी जाऊन काय करणार आहे ते सांगून. अकरा मांडे केले. प्रत्येक मांडा फाटायच्या अगदी काठावर आणून खापरावर टाकला, भाजला, आणि शेवटी सगळ्यांनी रसाबरोबर खाल्ला. फिल्म पहिल्यापेक्षा कितीतरी घट्ट झाली. आता फाटेल, आता फाटेल, असं वाटत राहतं आणि तो फाटत नाही. मोठी माय मात्र दुसऱ्या वेळीही आली नाही. तिच्यासाठी डबा पाठवला, तो रिकामा आणि घासलेला परत आला.

दुसरी पायरी: देहाची तयारी

रोज वीस मिनिटं एकच कृती करा. उभं राहणं, बसून उठणं, घागर उचलून ठेवणं, काहीही. घड्याळ लावून, मध्ये न थांबता. साधारण सातव्या-आठव्या मिनिटाला कंटाळा येतो, मग राग, त्यानंतर एक टप्पा असा येतो की हात आपोआप चालतात आणि डोकं शांत होतं. कॅमेऱ्याला तोच टप्पा हवा असतो. तिथे स्वतःहून पोचता येऊ लागलं की मगच चित्रीकरणाचा विचार करा.

आपल्या उन्हाशी पैज लावू नका. एप्रिल-मेमध्ये जळगाव-भुसावळ भागात पारा ४५ अंशांच्या आसपास जातो. त्या दिवसांत सकाळी सहा ते साडेआठ आणि सूर्य कलल्यावर, एवढ्याच वेळात काम करा. सोबत मीठ-साखरेचं पाणी, ओला पंचा, आणि ज्याचं काम फक्त तुमच्याकडे लक्ष ठेवायचं आहे असा एक माणूस हवा. त्याने "बस" म्हटलं की बस. वाद घालायचा नाही.

अंगाला काय लावता ते फार महत्त्वाचं. मुलतानी माती, शाडू, चाळलेली राख, तांदळाचं पीठ चालतं, तेही आदल्या दिवशी मनगटावर लावून बघून. चुना कधीच नाही, सिमेंटही नाही. दोन्ही ओल्या कातडीवर भाजतात, आणि डोळ्यात गेलं तर नजर जाऊ शकते. केळीच्या बागेत काम करणार असाल तर जुने कपडे घाला. चिकाचे डाग आधी दिसत नाहीत, वाळले की काळे पडतात आणि मग कशानेच निघत नाहीत. हे डाग फिल्ममध्ये सुंदर दिसतात, पण भाड्याने आणलेल्या कपड्यांवर नकोत. कापसाच्या जिनिंग कारखान्यात रुईच्या ढिगावर झोपण्याची कल्पना प्रत्येकाला एकदा तरी सुचतेच. उडणारी तंतूंची धूळ छातीत जाते, मशीन चालू असताना तिथे जाऊच नका.

नदीपात्राबद्दल एक ताकीद. पावसाळ्यात तापीच्या पात्रात उतरायचं नाही, पाणी गुडघाभर असलं तरी. तापीवरच्या हतनूर धरणाला ४१ दरवाजे आहेत. वर मध्य प्रदेशात, विदर्भात पाऊस झाला की आपल्याकडे कोरडं ऊन असतानाही ते उघडतात, आणि खाली पाणी बघता बघता चढतं.

तिसरी पायरी: पहिलं चित्रीकरण

मोबाइल तिपाईवर किंवा विटांच्या थरावर घट्ट बसवा आणि हलवू नका. हलणारा कॅमेरा नवख्याच्या चुका झाकतो, आणि तुम्हाला त्या दिसायला हव्यात. फ्लाइट मोड चालू करा, नाहीतर बाराव्या मिनिटाला मामाचा फोन येतो. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर एक पन्नासांश ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची असल्यामुळे या आकड्यांवर ट्यूबलाइटखाली पट्टे पळत नाहीत. साध्या कॅमेरा अ‍ॅपमध्ये हे बदलता येत नसेल तर बदलता येणारं अ‍ॅप घ्या. एक्स्पोजर आणि फोकस लॉक करा. उन्हात मोबाइल तापून बंद पडतो, त्याच्यावर छत्री धरा. आवाजासाठी दुसरा मोबाइल कृतीच्या जवळ, रुमालात गुंडाळून ठेवा. त्या रात्रीच सगळ्याची दुसरी प्रत वेगळ्या ड्राइव्हवर काढा.

दोन प्रकार आलटून पालटून करून बघा. एक, न तोडलेला सलग शॉट, दहा-पंधरा मिनिटांचा. दुसरा, आबिद सुरतींवरच्या फिल्मसारखं फ्रेम थांबवत केलेलं काम: स्थिर राहा, जोडीदार फोटो काढेल, बोटभर सरका, पुन्हा स्थिर. सेकंदाला १२ फोटो धरले तर एका मिनिटासाठी ७२० वेळा थांबावं लागतं. हा हिशेब आधी करा आणि मग फिल्मची लांबी ठरवा. पण हा सराव मी प्रत्येकाला करायला लावते, कारण त्यात देह कुठे ढिला पडतो ते फोटोगणिक कळतं.

चौथी पायरी: जागा, परवानगी, आणि कशाला हात लावू नये

शेत असेल तर मालकाला विचारा आणि बांधाला बांध असलेल्या शेजाऱ्यालाही सांगा. पार, चावडी, देवळाचं आवार असेल तर ग्रामपंचायतीला एक साधा अर्ज द्या आणि पोचीची प्रत खिशात ठेवा. पोलीस पाटलाला तोंडी सांगून ठेवलेलं बरं. रेल्वेच्या हद्दीत परवानगीशिवाय अजिबात नाही, आणि रुळांवर तर कधीच नाही. भुसावळचं यार्ड कितीही मोहात पाडू दे.

लोक जमतील. "हाई काय चालू शे?" असं कोणीतरी विचारेलच. उत्तर सोपं ठेवा. "प्रयोगशील दृश्यकला" म्हणालात तर चेष्टा होईल. "मांडे करायची फिल्म करतेय, दोन तास लागतील, बसा ना" म्हणालात तर कोणीतरी खाट आणून देईल. मालेगाव तसं नाशिक जिल्ह्यात, पण आपल्या वेशीवरचं. तिथे यंत्रमागावर काम करणारा शफीक शेख गावच्या फिल्ममध्ये उडणारा सुपरमॅन झाला तेव्हा अख्खं गाव त्याच्या पाठीशी होतं. अस्सल विनोदी सिनेमा होता तो, आपला प्रकार वेगळा, पण गाव सोबत घ्यायचं कसं हे त्यांच्याकडून शिकावं.

आता एक गोष्ट मनापासून सांगते. अक्कलकुवा तालुक्यातल्या काठीची होळी पाहायला जरूर जा. बुध्यांच्या, म्हणजे नवस फेडायला नाचणाऱ्यांच्या, अंगावर राखेची, पिठाची ठिपक्यांची नक्षी असते, डोक्यावर बांबूचे आणि मोरपिसांचे टोप, कमरेला वाळलेल्या भोपळ्यांची माळ, आणि पहाटे होळी पेटेपर्यंत रात्रभर नाच. पण तो नवस आहे. त्यासाठी ते लोक कित्येक दिवस पालनी पाळतात, जमिनीवर झोपतात. तो वेश उचलून आपल्या फिल्ममध्ये घालू नका. पाहा, रात्रभर जागा, आणि थकलेला देह पहाटे कसा नाचतो ते मनात घेऊन परत या.

उघड्या देहाचं काम करायचं असेल तर सार्वजनिक जागा टाळा. सार्वजनिक ठिकाणच्या अश्लील कृत्यासाठी भारतीय न्याय संहितेचं कलम २९६ आणि इंटरनेटवर तसं काही टाकल्यास माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७ लागू शकतं. शिवाय चित्रीकरणाच्या वेळी खोलीत कोण असेल, मूळ फाइल कोणाकडे राहील, अंतिम संकलन तुम्ही पाहून होकार दिल्याशिवाय काहीही बाहेर जाणार नाही, हे आधी ठरवा. मुलींनी तर हे लेखी घेतल्याशिवाय घराबाहेर पडूच नये.

पाचवी पायरी: कागद

दुसऱ्यांच्या फिल्ममध्ये काम करू लागाल तेव्हा हा भाग उपयोगी पडेल. एका शहरातल्या दिग्दर्शकाबरोबर मी चार दिवस काम केलं होतं, ओळखीवर, कागद न करता. वर्षभराने तेच चित्रीकरण दुसऱ्याच एका प्रदर्शनात, तुकडे करून, माझ्या नावाशिवाय दिसलं. विचारल्यावर उत्तर मिळालं, "तू तर फक्त फ्रेममध्ये होतीस." त्या वाक्याने मला कॉपीराइट कायदा वाचायला लावला.

आपल्या कायद्यात कलाकाराचा स्वतंत्र हक्क आहे आणि तो ५० वर्षं टिकतो. २०१२ च्या दुरुस्तीने नावाचा हक्क आणि कामाची विटंबना झाल्यास हरकत घेण्याचा हक्कही दिला. फिल्मसाठी लेखी संमती दिली की निर्मात्याला ती वापरता येते, पण फिल्मचा व्यावसायिक वापर झाला तर तुम्हाला मानधनाचा वाटा मागता येतो. एक बारीक कलम मात्र लक्षात ठेवा: ज्याचं काम किरकोळ स्वरूपाचं आहे आणि प्रथेप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत येत नाही, त्याला कायदा कलाकार मानत नाही. विटंबनेला हरकत घेण्यापुरता हक्क तेवढा उरतो. म्हणून नावाची ओळ आधी लिहून घ्या. साध्या कागदावर पाच गोष्टी पुरतात: काम काय, तारखा कोणत्या, पैसे किती आणि कधी, नाव कसं लिहिणार, आणि हे चित्रीकरण या फिल्मशिवाय दुसरीकडे वापरायचं तर पुन्हा विचारणार. दोघांच्या सह्या, दोघांकडे प्रत.

पैसे

थोडक्यात सांगते. या कामावर घर चालत नाही, निदान पहिली अनेक वर्षं नाही. माझ्या मांड्यांच्या फिल्मला साहित्य, सरपण, रस आणि पेट्रोल धरून १,८५० रुपये लागले. मी लग्नाच्या व्हिडिओंचं संकलन करते आणि कॉलेजच्या मूकनाट्यांचं दिग्दर्शन करते, त्यातून फिल्म होतात. लग्नसराई संपली की जून ते ऑक्टोबर माझं स्वतःचं काम. शेतीचं, दुकानाचं, शिकवणीचं जे असेल ते सोडू नका. घरच्यांना खोटं सांगून पैसे उचलू नका.

सहावी पायरी: माणसं शोधा

जळगाव-धुळ्याच्या नाट्यसंस्था, चोपड्याच्या ललित कला केंद्रातले विद्यार्थी, अहिराणी गाण्यांचे व्हिडिओ करणारी मुलं, यांच्यातच तुमचा कॅमेरामन आहे. अहिराणी व्हिडिओवाल्यांना कमी लेखू नका, उन्हात उजेड कसा सांभाळायचा हे त्यांच्याइतकं कोणाला येत नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या विद्यार्थ्यांना अभ्यासाच्या फिल्मसाठी कलाकार लागतात. त्यांच्याशी ओळख ठेवा. आपल्या शिरपूरच्या घराण्यातली स्मिता पाटील पडद्यावर आधी आली ती तिथल्याच एका डिप्लोमा फिल्ममधून, अरुण खोपकरांच्या 'तीव्र मध्यम'मधून, १९७४ मध्ये.

सातवी पायरी: दाखवणं

पहिला खेळ जिथे चित्रीकरण केलं तिथेच, ज्यांनी मदत केली त्यांच्यासाठी करा. जेवणं उरकल्यावर, साडेआठनंतर, ओसरीत. घट्ट विणीची चादर ताणून बांधा, सैल राहिली तर वाऱ्याने चित्र हलतं. फिल्मआधी भाषण नको. संपल्यावर "आवडली का?" विचारू नका, सगळे हो म्हणतात. मी वही घेऊन मागे बसते आणि कोणत्या मिनिटाला लोक मोबाइल काढतात, कधी लहान मुलं गप्प होतात, ते लिहून ठेवते. मांड्यांच्या फिल्ममध्ये चौथ्या मिनिटाला सगळे चुळबुळले आणि सातव्यानंतर कोणी हललं नाही. त्यामुळे सुरुवातीचा दीड मिनिट मी काढून टाकला.

मग बाहेर पाठवा. 'एक्सपेरिमेंटा' हा प्रयोगशील फिल्मचाच महोत्सव २००३ मध्ये मुंबईत सुरू झाला आणि नंतर बंगळुरूला गेला. केरळचा माहितीपट-लघुपट महोत्सव २००८ पासूनचा. मुंबईचा माहितीपट, लघुपट आणि अ‍ॅनिमेशनचा महोत्सव १९९० पासून दोन वर्षांतून एकदा भरतो. प्रत्येकाचे नियम त्या वर्षीचेच वाचा, आणि ज्या महोत्सवाचं नाव कोणीच ऐकलेलं नाही पण फी मात्र घसघशीत आहे, तिथे पैसे घालू नका. सोबत लागतं ते असं: पासवर्ड लावलेली लिंक, इंग्रजी सबटायटल, शंभर शब्दांत फिल्मचं वर्णन, तीन चांगले स्थिरफोटो, आणि तुमचा चार ओळींचा परिचय. जाहीर खेळ करायचा तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. महोत्सवांसाठी सूट आयोजक घेतात, तरी विचारून घ्या.

अहिराणी किंवा लेवा बोलीत कोणी बोललं असेल तर सबटायटल करताना त्या बोलणाऱ्यालाच शेजारी बसवा. "अन्न शे ते" हे मोठ्या मायचं वाक्य मी पुढच्या फिल्ममध्ये तिला विचारून घेतलं. तिने तीनदा म्हणून दाखवलं, तिन्ही वेळा वेगळ्या सुरात, आणि दुसरं ठेव म्हणाली.